मान न वळवणारा कुत्रा

"मग आता तिला भीती कसली वाटते, तेवढं तुम्हीच विचारा तिला!"

साहेबराव मठाच्या ओसरीवर टेकलाही नव्हता, तोवर त्याने हे बोलून टाकलं. मग दंडवत राहिला हे लक्षात आलं, तसा घाईघाईने वाकला. त्याच्या हातातल्या दोरीला एक भुरा कुत्रा होता. तोही खाली बसला आणि साहेबरावाच्या तोंडाकडे बघत राहिला.

सारजाआई सुपातले फुटाणे निवडत होत्या. भिक्षेतले फुटाणे, त्यात खडे फार. एकेक दाणा बोटांनी चाचपून बाजूला करत होत्या.

"कुणाला विचारू?"

"रंजनाला. माझ्या बायकोला. आज ती भुऱ्याला न घेता गेली, आई. एकटी. हातात काठी घेऊन."

"खिंडीतून?"

"दुसरी वाट आहे कुठं?"

आईंचा हात सुपात थांबला...

रंजना डोंगरापलीकडच्या वाडीवर अंगणवाडी चालवायची. सकाळी खिंड चढून जायची आणि उन्हं कलली की त्याच वाटेने परत यायची. वाट ओढ्याच्या कडेने जाते. मधे बांबूची बेटं आहेत, इतकी दाट की भर दुपारीही आत काळोख असतो. पावसाळा सरल्यापासून तिथे बिबट्या येऊन राहिला होता. आधी शेळ्या गेल्या, मग एक कालवड गेली. दिवाळीनंतर वाडीवरची एक म्हातारी ओढ्यावर पाण्याला गेली. ती सापडली तेव्हा लोकांनी तिच्यावर लुगडं टाकलं आणि पोरांना लांब नेलं. पिंजरा लावून झाला, त्यात शेळी बांधून झाली. बिबट्याने पिंजऱ्याला भीक घातली नाही.

अंगणवाडी मात्र बंद ठेवता येत नव्हती. वाडीवरच्या कितीतरी पोरांना दिवसभरात पोटभर खायला तिथेच मिळायचं. म्हणून रंजना जात होती. आणि तिला सोबत म्हणून भुऱ्या जात होता.

सारजाआई महानुभाव पंथातल्या तपस्विनी. वय झालेलं, अंगाने वाळलेल्या. त्यांच्या पंथात विजन म्हणून एक आचार आहे. रानात एकांत जागा बघून बसायचं आणि नामस्मरण करायचं. बिबट्या आला म्हणून आईंनी विजन सोडलं नव्हतं. गावातले लोक म्हणत, आईंना भीती ठाऊकच नाही. लोकांचं काय, लांबून सगळेच शूर दिसतात.

"कुत्रा का नको म्हणते ती?" आईंनी विचारलं.

"म्हणते, हा बरोबर असला की जास्त भीती वाटते." साहेबराव हसला, पण ते हसू काही नीट जमलं नाही. "आता याला काय म्हणावं? आधी हा वात्रट होता तेव्हा नेत होती. आता सुधारला, तर नको म्हणते!"

"वात्रट म्हणजे?"

"झुडूप दिसलं की थांबायचा. कान टवकारायचा. अंगावरचे केस उभे, घशात गुरगुर. ससा, मोर, वाऱ्याने हललेलं पान, काही चालायचं त्याला. मग पाय रोवून बसला की हलायचं नाव नाही. एकदा एवढ्या जोरात मागे ओढलं की रंजना दगडावर पडली. बांगड्या फुटल्या, मनगट सुजलं."

"मग?"

"मग मी हातात घेतला."

हे सांगताना तो जरा ताठ बसला. साहेबरावाने मोबाईलवर शहरातल्या एका माणसाचे व्हिडिओ बघून कुत्र्याला चालायला शिकवलं होतं. खिशात उकडलेल्या अंड्याचे तुकडे ठेवायचे. कुत्र्याने आपल्या तोंडाकडे बघितलं की तुकडा द्यायचा. दुसरीकडे बघितलं की दोरीला हिसका. बघता बघता गावात त्याचं नाव झालं. लोक आपापली कुत्री घेऊन यायला लागले आणि साहेबराव त्यांना सांगायला लागला, कुत्र्यात काही खोट नसते, माणसाला अक्कल लागते. ऐकणारे मान डोलवायचे. कुत्री मात्र आपापसात भांडत असायची.

"दाखव," आई म्हणाल्या.

तो अंगणात उतरला. भुऱ्या त्याच्या डाव्या गुडघ्याशी चिकटून चालू लागला. मान वर, डोळे साहेबरावाच्या तोंडावर. कोंबडी आडवी गेली. भुऱ्याने बघितलं नाही. साहेबरावाने भाकरीचा तुकडा फेकला, तो नाकासमोर पडला. भुऱ्या त्यावरून पाय टाकून गेला. आईंच्या शिष्येने आतून ताट आपटून बघितलं. कुत्र्याचा कानसुद्धा हलला नाही.

"भुऱ्या," सारजाआईंनी हाक मारली. "ये रे, बाळा."

भुऱ्या याच मठाच्या गोठ्यात जन्मलेला. आईंच्या हातचं ताक पिऊन वाढलेला. त्यांचा आवाज ऐकला की शेपटीने अर्धं अंगण झाडायचा.

त्याने मान वळवली नाही.

"बघितलंत?" साहेबराव म्हणाला. "तुमची हाकसुद्धा नाही!"

आईंनी फुटाण्यांचं सूप बाजूला ठेवलं.

"बरा शिकवलास," त्या म्हणाल्या. "आता तेवढंच मला तुला शिकवू दे."

"मला?"

"रंजना यायची वेळ झाली. चल, खिंडीच्या तोंडापर्यंत जाऊ. वाटेत तू माझ्या तोंडाकडे बघायचं. दुसरीकडे कुठं बघायचं नाही. बघितलंस की मी काठी टोचणार. नाही बघितलंस तर फुटाणा."

साहेबराव मोठ्याने हसला. आई हसल्या नाहीत, तेव्हा त्याचंही हसणं विरलं.

"आई, तिथं वाघरू आहे."

"म्हणून तर. कुत्र्याला तू तिथंच चालायला शिकवलंस ना?"

आईंनी पदरात फुटाणे घेतले, काठी घेतली आणि त्या निघाल्या.

नाही म्हणायची सोय राहिली नव्हती. बायको त्याच वाटेने एकटी येणार होती.

सुरुवातीला त्याला गंमत वाटली. उजवीकडे आई, डावीकडे भुऱ्या. साहेबराव आईंच्या तोंडाकडे बघतोय, भुऱ्या साहेबरावाच्या तोंडाकडे. आई अधूनमधून त्याच्या तळहातावर फुटाणा ठेवायच्या. तो तोंडात टाकायचा. माणसासारखा माणूस, आणि फुटाण्यावर चाललाय!

मग वाट ओढ्याला लागली.

बाजूच्या गवतातून काहीतरी फडफडून उठलं. साहेबरावाची मान आपोआप तिकडे गेली. काठीचं टोक बरगडीत बसलं.

"माझ्याकडे."

"तितर होता बहुतेक..."

"माझ्याकडे बघ."

तो बघू लागला. सुरकुत्या, कपाळावरची शीर, ओठांची बारीक हालचाल. आई नाम घेत होत्या. त्याला पायाखालचा दगड दिसत नव्हता. बाजूची झुडपं नुसती डोळ्यांच्या कडेला हलायची, आणि तिकडे बघायचं नाही म्हटल्यावर प्रत्येक झुडूप जिवंत वाटायला लागलं. काहीतरी सुकं मोडल्याचा आवाज आला. मागे की पुढे, कळलं नाही.

त्याचे तळहात ओले झाले. आईंनी ठेवलेला फुटाणा तिथेच चिकटून राहिला.

"आई, पुरे करू."

"भुऱ्या म्हणाला का कधी, पुरे करू?"

"तो जनावर आहे."

"हूं."

बांबूची पहिली बेटं आली. उजेड एकदम कमी झाला. साहेबरावाला ते आईंच्या तोंडावरूनच कळलं, तोंड करडं झालं. इथे नेहमी पाखरांचा कालवा असतो. सातभाई तर एकमेकांची उणीदुणी काढल्यासारखे भांडत असतात.

आत्ता काही नव्हतं. एकही पाखरू बोलत नव्हतं.

आईंचे ओठ हलायचे थांबले.

त्या उभ्या राहिल्या. त्यांची नजर खाली गेली, साहेबरावाच्या डाव्या गुडघ्यापाशी, आणि तिथेच खिळली.

साप, साहेबरावाच्या मनात आलं. पायाशी साप आहे.

"आई... काय आहे?"

आईंनी मान वर केली नाही.

"आई, काय आहे माझ्या पायाशी?"

त्या नुसत्या बघत राहिल्या. मग त्याला राहवलं नाही. काठी टोचली तर टोचली. त्याने खाली बघितलं.

साप नव्हता. भुऱ्या होता.

मानेपासून शेपटीपर्यंत भुऱ्याचे केस ताठ उभे राहिले होते. अंग थरथरत होतं. नाकपुड्या फुलत होत्या, मिटत होत्या. शेपूट पोटाखाली गेली होती. पुढचा एक पाय उचललेला होता आणि तो खाली टेकवायचा धीर त्याला होत नव्हता. सगळं अंग डावीकडे काय आहे ते ओरडून सांगत होतं.

आणि मान साहेबरावाकडे. डोळे साहेबरावाच्या तोंडावर. अंड्याच्या तुकड्याची वाट बघत.

साहेबरावाने हळूहळू डावीकडे बघितलं.

बेटाच्या मुळाशी पिवळं काहीतरी होतं. आधी त्याला वाटलं, वाळलेली पानं आहेत. मग पानांना डोळे दिसले. बिबट्या पोट टेकून बसला होता, दहा-बारा हातांवर, आणि त्याच्याकडे बघत होता. रंजना रोज याच बाजूने जायची.

साहेबरावाचा पाय मागे सरकला. आईंची बोटं त्याच्या दंडात रुतली.

"पळू नको. पळालास की संपलं. कुठं आहे?"

त्याला वाटलं, अजूनही परीक्षाच घेतायत.

"तिथं," तो कुजबुजला. "बेटाच्या बुडाला. मोठ्या दगडाच्या अंगाला."

आई दगडाच्या दिशेने वळल्या. काठी उचलून त्यांनी वाटेवरच्या खडकावर आपटली. एकदा, मग पुन्हा. आणि भिक्षेला दारात उभं राहून हाक देतात तशा मोठ्या, स्वच्छ आवाजात म्हणाल्या, "आम्ही आहोत रे इथं! ऊठ आता. जा तुझ्या वाटेनं."

बिबट्या हलला नाही.

भुऱ्याचं थरथरणं दोरीतून साहेबरावाच्या हातात येत होतं. दोरी हातात होती तेवढे दिवस ते असंच येत असणार. त्याने कधी जाणून घेतलं नव्हतं.

"तू पण ओरड," आई म्हणाल्या.

तो ओरडला. शब्द नव्हते, नुसता फाटका आवाज होता.

बिबट्या उठला. घाई नाही, गडबड नाही. एकदा त्यांच्याकडे बघितलं, पाठ वळवली आणि बांबूत शिरला. एक कांडं हललं, दुसरं हललं. मग काहीच हललं नाही.

आता तो कुठे आहे हे कुणालाच माहीत नव्हतं. हे जास्त वाईट होतं.

"रंजेऽऽ!" साहेबराव खिंडीकडे तोंड करून ओरडला.

उत्तर नाही.

"रंजेऽऽ! ए रंजेऽऽ!"

डोंगराने त्याचाच आवाज त्याला परत दिला. तो वर धावायला निघाला, आईंनी दंड सोडला नाही. माणूस एरवी किती बडबड करतो, आणि नेमकं तेव्हा त्याला एकच नाव सुचतं. तो तेच ओरडत राहिला. त्याला रडू येत होतं आणि त्याची त्याला लाज वाटत नव्हती.

मग वरून, वळणाच्या मागून, काठी दगडावर आपटत आल्याचा आवाज आला.

"आलेऽऽ! काय झालं? एवढे का ओरडताय?"

साहेबराव मटकन खाली बसला.

"आई," थोड्या वेळाने तो म्हणाला. "तुम्हाला तो आधीच दिसला होता. आणि तुम्ही मला सांगितलं नाही."

"मला कुठं दिसला?"

"म्हणजे?"

आईंनी आपले डोळे त्याच्याकडे केले. त्याने इतका वेळ त्याच तोंडाकडे बघितलं होतं, पण हे पहिल्यांदाच बघितलं. दोन्ही बुबुळांवर दुधाळ साय धरली होती.

"दोन-तीन हातांपलीकडचं धूसर झालंय, साहेबराव. तुझं तोंड दिसतं. भुऱ्याची पाठ दिसते. ती बेटं मला नुसती सावली."

"मग विजनाला एकट्या बसता ते..."

"एकटी कुठं? पाखरं असतात, वानरं असतात. ती बोलतात, मी ऐकते. ती घाबरली की मी उठते."

साहेबरावाने भुऱ्याला जवळ ओढलं.

"खरं सांग," आई म्हणाल्या. "रंजना पडली म्हणून शिकवलंस का याला?"

तो मातीत बोट फिरवत राहिला...

"नाही. त्याच्या आधी काही दिवस मी स्वतः गेलो होतो तिच्याबरोबर. हा इथंच थांबला. इथंच केस उभे केले. आणि मला कळलं की आहे. इथं, जवळ, आहे. आई, रात्री झोप लागेना. सकाळी ती निघाली की मी वाटेकडे डोळे लावून बसायचो. रोज संध्याकाळी ती सांगायची, आज भुऱ्या अमुक ठिकाणी थांबला, आज तमुक ठिकाणी थांबला..." त्याचं बोट मातीत थांबलं. "मला ते ऐकायचं नव्हतं."

"मग?"

"मग तो थांबायचा बंद झाला. मी निवांत झोपायला लागलो."

रंजना वळणावरून खाली आली. पदर खोचलेला, हातात काठी, खांद्याला पिशवी. तिने नवऱ्याकडे बघितलं, आईंकडे बघितलं. मग बेटाच्या दिशेने बघितलं आणि जागच्या जागी थिजली.

"होता?"

"होता," आई म्हणाल्या. "गेला."

"मी सांगत होते यांना," रंजना म्हणाली. "सांगत होते की नाही? कुत्रा बरोबर असतो आणि सगळ्या वाटेत माझ्या तोंडाकडे बघत असतो. मला वाटायचं, पुढंमागं काही असलं तरी हा मला सांगणार नाही. एकटी असले की निदान मी तरी चारी बाजूंनी बघते. तर म्हणे, कुत्रा सुधारला, तूच सुधारत नाहीस!"

साहेबरावाने मान खाली घातली. मग त्याने खिशात हात घातला, अंड्याचे सगळे तुकडे काढले आणि झुडपात भिरकावून दिले.

"भुऱ्या, जा. घे."

भुऱ्या हलला नाही.

साहेबरावाने त्याच्या गळ्यातली दोरी सोडली. "तिकडे बघ. बघ ना रे. तिथं होता तो. बघ!" त्याने दोन्ही हातांनी कुत्र्याचं तोंड धरलं आणि बेटाकडे वळवलं.

हात सोडले. तोंड परत त्याच्याकडे आलं.

पुन्हा वळवलं. पुन्हा परत आलं. केस अजून उभे होते, अंग अजून थरथरत होतं. डोळे मात्र साहेबरावाच्या तोंडावरून हटत नव्हते. धन्याला काय हवंय ते त्या बिचाऱ्याला ओळखता येत नव्हतं.

उन्हं डोंगरामागे जात होती. परतीची वाट त्याच बेटांमधून होती. आत कुठेतरी एक कांडं दुसऱ्यावर घासलं. रंजनाने काठी घट्ट धरली. साहेबरावाने डोळे गच्च मिटून घेतले.

"आई," तो डोळे मिटूनच म्हणाला, "आता काय करू? हा बघतच नाही तिकडे."

आईंनी वाकून भुऱ्याच्या उभ्या केसांवर हात ठेवला आणि तसाच राहू दिला...

"बघेल," त्या म्हणाल्या. "आधी तू बघ."